आडनावामागचं शेपूट: ‘वादी’, ‘गट’, ‘शाही’ कसं वाचायचं

लालबाग-परळच्या जुन्या गिरणी कामगारापुढे ‘सामंत’ हे आडनाव काढलं की त्याला एकच माणूस आठवतो, डॉक्टर दत्ता सामंत. १८ जानेवारी १९८२ पासूनचा मुंबईतला गिरणी संप त्यांच्याच नेतृत्वाखाली झाला. पण त्याच कामगाराचा नातू कॉलेजच्या पुस्तकात ‘सामंतवादी समाजरचना’ असं वाचतो, तेव्हा तिथे डॉक्टर कुठेच नसतात. त्या शब्दातले सामंत म्हणजे राजाचे मांडलिक, जमिनीचे धनी. सामंतवाद म्हणजे सरंजामशाही. ज्या माणसाने गिरणीमालकांच्या तोंडचं पाणी पळवलं, त्याच्या आडनावाला ‘वादी’ लावला तर मालकांच्या गोटातला शब्द तयार होतो. म्हणून असेल किंवा आणखी कशामुळे असेल, डॉक्टरांची माणसं ‘सामंतवादी’ कधी झाली नाहीत. ती ‘सामंतांची माणसं’ राहिली.

राजकारणाच्या बातम्यांत आडनावांपासून बनलेले शब्द पावलोपावली भेटतात. गांधीवादी, आंबेडकरी, ठाकरी, शिंदे गट, हिटलरशाही, मोदीभक्त. वाचताना आपलं लक्ष आडनावाकडे जातं, कारण ते ओळखीचं असतं. खरी माहिती मात्र आडनावामागे लागलेल्या शेपटात असते, आणि प्रत्येक शेपटाचा स्वभाव वेगळा. शिवाय एक प्रश्न आपण विचारायचा राहूनच जातो: हे शेपूट लावलं कुणी? ज्याला लागलं त्याने स्वतः, त्याच्या विरोधकाने, की घाईत मथळा करणाऱ्या उपसंपादकाने?

सगळ्यांत वजनदार शेपूट ‘वाद’. एखाद्या आडनावाला वाद लागला की आपण नकळत बरंच काही कबूल करतो. या माणसाकडे विचारांची एक सलग मांडणी होती, तो गेल्यावरही ती चालू शकते, आणि ज्याने त्याला कधी पाहिलंही नाही असा माणूस तिचा अनुयायी होऊ शकतो. गंमत अशी की ज्यांच्या नावाने हे वाद निघाले त्यांतल्या काहींना ते नकोच होते. गांधीजींनी मार्च १९३६ मध्ये ‘हरिजन’मध्ये स्पष्ट लिहिलं की गांधीवाद नावाची काही चीज नाही आणि आपल्या मागे कुठलाही पंथ ठेवायची आपली इच्छा नाही. मार्क्सची गोष्ट तर अधिक तिखट आहे. फ्रान्समध्ये आपल्या नावाने काय काय सांगितलं जातंय ते पाहून तो वैतागला आणि ‘एवढं नक्की की मी मार्क्सवादी नाही’ असं म्हणाला. हे त्याच्या सहकाऱ्याने, एंगल्सने, पुढे पत्रांतून लिहून ठेवलं आहे. मुळात ‘मार्क्सवादी’ हा शब्द आधी वापरात आणला तो मार्क्सच्या विरोधकांनी, पहिल्या इंटरनॅशनल या कामगार संघटनेतल्या अराजकवादी बाकुनिनच्या गोटाने, हिणवण्यासाठी. नंतर तो शब्द मार्क्सच्या माणसांनी उचलून छातीवर लावला. राजकारणात असं बरेचदा होतं. शिवी म्हणून फेकलेला शब्द समोरचा झेलतो आणि त्याचाच झेंडा करतो.

वाद लागलेल्या शब्दाचा आणखी एक नियम आहे, तो कुठल्या व्याकरणाच्या पुस्तकात सापडायचा नाही: त्या आडनावावर ज्याने पहिली मोहोर उमटवली, वाद त्याचाच. ‘गांधीवादी’ म्हटल्यावर कुणाच्याही मनात इंदिरा, राजीव किंवा राहुल गांधी येत नाहीत. त्या घराण्याचं आडनाव फिरोज गांधींकडून आलेलं, महात्म्याशी त्याचं नातं नाही. तरी आडनाव एकच. राहुल गांधींचा कट्टर समर्थक स्वतःला गांधीवादी म्हणवू लागला तर ऐकणारा वेगळाच अर्थ घेणार. सूत कातणारा, दारू न पिणारा, उपोषणाला बसणारा. वाद एकदा एका माणसाच्या नावावर चढला की त्याच आडनावाच्या पुढच्या माणसांना तो मिळत नाही.

आत वाटे पडतात ते वेगळेच. गांधीवाद्यांची सगळ्यांत झणझणीत वर्गवारी केली समाजवादी नेते राममनोहर लोहियांनी. त्यांच्या मते गांधीवादी तीन प्रकारचे होते: सरकारी, मठी आणि कुजात. सरकारी म्हणजे सत्तेत बसलेले, नेहरूंच्या बाजूचे. मठी म्हणजे आश्रमांत रमलेले, विनोबांच्या वाटेचे. आणि कुजात म्हणजे जातीबाहेर टाकलेले, म्हणजे लोहिया स्वतः. पुढे लोहियांच्याच आडनावाला वाद लागला. आज उत्तर प्रदेश-बिहारकडे ‘लोहियावादी’ म्हटलं तर मागास जातींच्या राजकारणातून मोठे झालेले मुलायमसिंह-लालूंच्या पठडीतले नेते डोळ्यांपुढे येतात. मुंबईतल्या जुन्या समाजवाद्यांना मात्र लोहियावादी म्हटलं की मधु लिमये आठवतात आणि १९६७ मध्ये दक्षिण मुंबईत स. का. पाटलांना पाडणारे जॉर्ज फर्नांडिस आठवतात. शब्द तोच, पण दोन गावांत दोन अर्थ.

एक बारकाईची गोष्ट. यातली काही ‘आडनावं’ मुळात आडनावं नाहीतच. लेनिन हे टोपणनाव, खरं आडनाव उल्यानोव. स्टालिनचं खरं आडनाव जुगाश्विली, ट्रॉट्स्कीचं ब्रॉन्स्टाइन. आपल्याकडे ज्यांच्या विचारांना ‘रॉयवाद’ म्हणत ते क्रांतिकारक विचारवंत मानवेंद्रनाथ रॉय जन्माने नरेंद्रनाथ भट्टाचार्य. पोलिसांचा ससेमिरा चुकवायला घेतलेली ही नावं; वाद त्यांनाच लागला आणि खरी आडनावं अडगळीत गेली. माओचं मात्र खरंच आडनाव आहे. चिनी माणूस आडनाव आधी लावतो, म्हणून माओ त्से-तुंगमधला माओ पुढे आहे.

रॉयवाद्यांबद्दल दोन ओळी लिहायलाच हव्यात, कारण महाराष्ट्रात त्यांचं वजन मोठं होतं. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी रॉयवादी, मुंबईचे न्यायमूर्ती वि. म. तारकुंडे रॉयवादी. १९४८ मध्ये रॉयनी स्वतःचा पक्षच विसर्जित केला. पक्ष गेला, निवडणुका गेल्या, पण रॉयवादी उरले आणि पुढची कैक वर्षं लिहीत-वाचत राहिले. वाद पक्षाशिवाय जगतो. शेपटाची ही ताकद ‘गट’ या शब्दात नाही, हे पुढे दिसेल.

डाव्या पक्षांनी तर हे वाद थेट पक्षाच्या नावात, कंसात घातले. १९६४ मध्ये कम्युनिस्ट पक्ष फुटला तेव्हा एका बाजूला भारतीय कम्युनिस्ट पक्ष, म्हणजे भाकप, राहिला आणि दुसऱ्या बाजूला भारतीय कम्युनिस्ट पक्ष (मार्क्सवादी), म्हणजे माकप. नाव वाचून बाहेरच्या माणसाला वाटेल की पहिला पक्ष मार्क्स मानत नसावा. मानतो की! कंसातल्या शब्दाचं काम विचार सांगण्याचं नव्हतंच. ‘खरे आम्ही’ हे सांगण्याचं होतं. १९६९ मध्ये आणखी एक पक्ष निघाला, त्याने कंसात मार्क्सवादी-लेनिनवादी लिहिलं. लोक त्याला ‘माले’ म्हणतात, मार्क्समधला मा आणि लेनिनमधला ले. २००४ मध्ये दोन संघटना एकत्र येऊन जो पक्ष झाला त्याने कंसात माओवादी घातलं. कंस वाढत गेले तसतसा प्रत्येकाचा दावा तोच राहिला. या सगळ्यांत ‘नक्षलवादी’ हा शब्द उगाच घुसडला जातो. तो कुणाच्या आडनावावरून आलेला नाही. बंगालमधल्या नक्षलबारी या खेड्यावरून, तिथे १९६७ मध्ये झालेल्या उठावावरून तो आला.

याच भांडणात मुंबईच्या एका आडनावालाही वाद लागला, पण शिवी म्हणून. कॉम्रेड श्रीपाद अमृत डांगे गिरणगावाचे पुढारी, भाकपचे अध्यक्ष. फुटून गेलेल्या गोटाने भाकपवाल्यांना ‘डांगेवादी’ म्हणायला सुरुवात केली. अर्थ असा, की हे मार्क्सला सोडून एका माणसाच्या मागे गेलेले लोक. भाकपमधल्या कुणी अभिमानाने ‘आम्ही डांगेवादी’ म्हणत छाती काढल्याचं माझ्या वाचनात नाही. वाद लागला म्हणजे मान मिळाला असं समजू नये. विचारवंताच्या आडनावाला लागला तर तो बहुमान असतो. समकालीन पुढाऱ्याच्या आडनावाला, तेही विरोधकाने लावला, तर बहुधा ठपका असतो.

आता मराठीची खासियत असलेलं शेपूट: ‘ई’. आंबेडकरी, ठाकरी.

‘आंबेडकरवादी’ आणि ‘आंबेडकरी’ हे दोन शब्द वर्तमानपत्रांत एकमेकांच्या जागी वापरले जातात आणि अर्थ पुसट होतो. आंबेडकरवादी म्हणजे बाबासाहेबांचा विचार मानणारा. तो कुठल्याही जातीचा, कुठल्याही देशाचा असू शकतो, अगदी केरळमधला प्राध्यापक किंवा लंडनमधली वकीलसुद्धा. आंबेडकरी हा शब्द विचारापेक्षा जगण्याजवळचा आहे. आंबेडकरी चळवळ, आंबेडकरी जलसा, आंबेडकरी वस्ती, आंबेडकरी जनता. त्यात विचार आहेच, पण त्याशिवाय गाणी आहेत, निळा रंग आहे, वरळी-नायगावच्या बीडीडी चाळी आहेत, ‘जय भीम’ आहे, आजी-आजोबांच्या आठवणी आहेत. ‘आंबेडकरी जलसा’ला ‘आंबेडकरवादी जलसा’ म्हणून बघा, जीभच अडखळते. उलट, पुस्तकाच्या मुखपृष्ठावर ‘आंबेडकरवादी अर्थविचार’ चालतं, तिथे ‘आंबेडकरी’ थोडं सैल वाटतं. दलित साहित्याला ‘आंबेडकरवादी साहित्य’ म्हणावं का, ही चर्चा मराठीत वर्षानुवर्षं चालू आहे. मला विचाराल तर त्या चर्चेच्या मुळाशी हाच फरक आहे: साहित्याची ओळख लिहिणाऱ्याच्या जन्मावरून ठरवायची की त्याने पत्करलेल्या विचारावरून?

हा फरक मुंबईत एकदा थेट संघटना फुटेपर्यंत गेला. १९७२ मध्ये इथे दलित पँथर उभी राहिली. जानेवारी १९७४ मध्ये वरळीची दंगल झाली आणि त्याच वर्षी पँथर फुटली. राजा ढाले एका बाजूला, नामदेव ढसाळ दुसऱ्या. भांडणात स्वभाव होते, माणसं होती, पण त्याला शब्द मिळाले ते दोन आडनावांचे: आंबेडकर की मार्क्स? ढाल्यांच्या मते ढसाळ मार्क्सवादाकडे झुकले होते. ढसाळांच्या मते दलित हा शब्दच सगळ्या शोषितांना कवेत घेणारा होता. दोघांनाही बाबासाहेब हवेच होते. तरी ‘आंबेडकरवादी’ हा शब्द एकाला दुसऱ्यापासून वेगळं काढायला वापरला गेला.

आणि आता गुंता बघा. रिपब्लिकन पक्ष १९५७ मध्ये स्थापन झाला आणि फुटत गेला. त्याच्या गटांची नावं नेत्यांच्या आडनावांवरून पडली: खोब्रागडे गट, गवई गट, आठवले गट, कवाडे गट. त्यातच एक गट बाबासाहेबांचे नातू प्रकाश आंबेडकरांचा, म्हणजे ‘आंबेडकर गट’. तेव्हा आठवले गटाचा कार्यकर्ता पूर्ण आंबेडकरवादी होता, आंबेडकरी समाजातला होता, पण ‘आंबेडकर गटा’चा नव्हता. आडनाव तेच. वाद, ई आणि गट या तीन शेपटांनी तीन वेगळ्या गोष्टी सांगितल्या. आडनावाकडे बघून अर्थ लावणाऱ्याची इथे दांडी गुल होते.

सहा डिसेंबरला दादरला जाऊन पाहिलंत तर चौथा शब्दही दिसेल. चैत्यभूमीकडे येणाऱ्यांसाठी पालिकेच्या आणि रेल्वेच्या सूचनांत लिहिलेलं असतं ‘अनुयायी’. ना वादी, ना आंबेडकरी. कारकुनी भाषेला कुणाच्या मनात काय आहे यात पडायचं नसतं. आलेल्या माणसांसाठी गाड्या किती सोडायच्या आणि नळ किती लावायचे एवढंच तिला बघायचं असतं. तिच्या परीने ते बरोबरच आहे.

‘ठाकरी’चं तर्कट आणखी निराळं. ठाकरी भाषा, ठाकरी बाणा, ठाकरी फटकारा. प्रबोधनकारांची लेखणी, बाळासाहेबांचं व्यंगचित्र आणि शिवाजी पार्कवरचं दसऱ्याचं भाषण या सगळ्यांतून ही शैली घडली. समोरच्याला नावानिशी झोडायचं, आडपडदा ठेवायचा नाही, मध्येच असा टोला हाणायचा की मैदान हसलं पाहिजे. शैली असल्यामुळे ती पक्षाच्या कुंपणात राहत नाही. काँग्रेसचा किंवा भाजपचा आमदार सभागृहात तसा बोलला तरी पत्रकार लिहितात, ‘ठाकरी शैलीत समाचार घेतला’. ‘ठाकरेवाद’ हा शब्द मात्र मराठीत रुजला नाही. शिवसेना १९ जून १९६६ ला निघाली तेव्हापासून तिचा विचार सांगायला आधी ‘मराठी माणूस’ आणि पुढे ‘हिंदुत्व’ हे शब्द होते, आणि माणसांना म्हणायला ‘शिवसैनिक’ होता. आडनावाची गरजच पडली नाही. फुल्यांचंही तसंच. १८७३ मध्ये त्यांनी सत्यशोधक समाज काढला, त्यामुळे त्यांची माणसं सत्यशोधक झाली. ज्या नेत्याने अनुयायांना आधीच नाव देऊन ठेवलं, त्याच्या आडनावाला सहसा ‘वाद’ लागत नाही.

आता ‘गट’. गेल्या काही वर्षांत महाराष्ट्राने हा शब्द इतका ऐकला की तो गुळगुळीत झाला. गटात विचाराचा दावा नसतो. कोण कुणाबरोबर गेलं, एवढंच तो सांगतो. निवडणूक आयोगाच्या १९६८ च्या चिन्हविषयक आदेशात पंधराव्या परिच्छेदात एकाच पक्षावर हक्क सांगणाऱ्या प्रतिस्पर्धी गटांची सोय आहे: आयोगाने ऐकून घ्यायचं आणि खरा पक्ष कोणता ते ठरवायचं. म्हणजे गट ही एक तात्पुरती अवस्था. निकाल लागेपर्यंत दोघेही गट. निकालानंतर एक जण पक्ष होतो.

म्हणूनच या शब्दावरून रुसवेफुगवे होतात. जून २०२२ मध्ये शिवसेनेत बंड झालं आणि ‘शिंदे गट’, ‘ठाकरे गट’ हे शब्द रूढ झाले. ऑक्टोबरमध्ये आयोगाने धनुष्यबाण गोठवला आणि दोघांना तात्पुरती नावं दिली, एकाला ‘बाळासाहेबांची शिवसेना’ आणि दुसऱ्याला ‘शिवसेना (उद्धव बाळासाहेब ठाकरे)’. १७ फेब्रुवारी २०२३ ला शिवसेना हे नाव आणि धनुष्यबाण शिंदेंकडे गेलं. त्यानंतर शिंदेंकडच्या लोकांना कुणी ‘शिंदे गट’ म्हटलं की ते म्हणू लागले, आम्ही गट नाही, आम्हीच शिवसेना. तिकडे ठाकऱ्यांकडचे मुद्दाम ‘शिंदे गट’च म्हणत राहिले. दोन अक्षरांच्या शब्दात निकाल मान्य आहे की नाही ते कळतं. राष्ट्रवादीत तीच पुनरावृत्ती: ६ फेब्रुवारी २०२४ ला पक्ष आणि घड्याळ अजित पवारांकडे, आणि दुसऱ्या बाजूचं नाव ‘नॅशनॅलिस्ट काँग्रेस पार्टी – शरदचंद्र पवार’. इथे तर दोन्हीकडे पवारच, त्यामुळे नुसता ‘पवार गट’ हा शब्द निकामी झाला आणि मथळ्यांना पूर्ण नावं लिहावी लागली. दोन्ही पक्षांत एक गोष्ट सारखी घडली: ज्याच्या हातून पक्ष गेला त्याच्या नव्या नावात संस्थापकाचं नाव आलं. ज्याला पक्ष मिळाला त्याला कुणाचं नाव लावायची गरज उरली नाही.

या ओढाताणीतून दोन नवे शब्द निघाले. कंसातल्या तीन नावांची पहिली अक्षरं घेऊन ‘उबाठा’. आणि शिंदे या आडनावाशी यमक जुळवून ‘मिंधे’, म्हणजे कुणाच्या तरी उपकारांखाली दबलेले. उबाठा वरवर पाहता भाजप-माकपसारखा साधा संक्षेप वाटतो, पण तो वापरण्याची हौस ठाकऱ्यांच्या विरोधकांनाच जास्त, कारण त्यात ‘शिवसेना’ही नाही आणि ‘ठाकरे’ हे वजनदार आडनावही नाही; आडनावाचा नुसता ‘ठा’ उरतो. मिंधे तर सरळ टोमणाच. भाषणात दोन्ही चालतील, भाषणाला फोडणी लागतेच. बातमीत यांतला एकही शब्द येऊ नये असं माझं मत आहे, आणि आला तर तो अवतरणचिन्हांत, कुणाच्या तोंडी आहे ते सांगून यावा.

फुटीत आडनावं चिकटण्याची रीत काही २०२२ ची नाही. १९६९ मध्ये काँग्रेस फुटली तेव्हा पक्षातल्या ज्येष्ठांच्या टोळक्याला ‘सिंडिकेट’ म्हणत, म्हणून इंदिराबाईंच्या बाजूला ‘इंडिकेट’ म्हणू लागले. १९७८ च्या जानेवारीत पुन्हा फूट पडली: इकडे इंदिरा काँग्रेस, तिकडे ब्रह्मानंद रेड्डींची रेड्डी काँग्रेस. महाराष्ट्रात दोघी एकमेकींविरुद्ध विधानसभा लढल्या आणि मग एकत्र सरकार बनवलं: मुख्यमंत्री रेड्डी काँग्रेसचे वसंतदादा, उपमुख्यमंत्री इंदिरा काँग्रेसचे नाशिकराव तिरपुडे. त्यानंतर देवराज अर्स यांची अर्स काँग्रेस आली. रेड्डी आणि अर्स ही आडनावं आज ऐकणाऱ्याला काहीच सांगत नाहीत. गटाला वादासारखं आयुष्य नसतं; माणूस बाजूला झाला की गट संपतो.

सरकारांच्या नावांचा गोंधळही याच जातीचा. ‘चव्हाण सरकार’ म्हणजे कुठलं? यशवंतराव, शंकरराव, अशोकराव, पृथ्वीराज असे चार चव्हाण राज्याचे मुख्यमंत्री झाले, आणि त्यांत बाप-लेक एकच जोडी, शंकरराव आणि अशोकराव. शिंदे दोन, सुशीलकुमार आणि एकनाथ. नाईक दोन, वसंतराव आणि सुधाकरराव. जुना अंक चाळताना आधी तारीख बघायची, मग आडनाव.

काही आडनावं मात्र माणसापासून इतकी सुटतात की आडनाव होतं हेच विसरायला होतं. ‘मंडल-कमंडल’मधलं मंडल हे कित्येकांना ‘मंडळ’चंच हिंदी रूप वाटतं. ते बिंदेश्वरी प्रसाद मंडल यांचं आडनाव. १९७९ मध्ये त्यांच्या अध्यक्षतेखाली मागासवर्ग आयोग नेमला गेला, अहवाल १९८० च्या शेवटी आला आणि ऑगस्ट १९९० मध्ये व्ही. पी. सिंगांनी तो लागू करायची घोषणा केली. अमेरिकेत ‘मॅकार्थीवाद’ हा शब्द मार्च १९५० मध्ये एका व्यंगचित्रातून लोकांपुढे आला. सिनेटर जोसेफ मॅकार्थी पुराव्याशिवाय लोकांना कम्युनिस्ट ठरवत सुटला होता, त्यावरून. या वादाचा अनुयायी म्हणवून घेणारा शोधावा लागेल. नॉर्वेत नाझींना सामील झालेल्या क्विसलिंगचं आडनाव तर इंग्रजीत थेट फितुराचा समानार्थी शब्द झालं. आपल्याकडे ‘हिटलरशाही’ त्याच कुळातली. ‘शाही’ लागली की विचार संपतो आणि कारभाराची रीत सुरू होते. ती बहुतेकदा जाचाची असते. अपवाद ‘शिवशाही’चा, आणि ती आडनावावरून नाही.

‘भक्त’ हे शेपूट सध्या सगळ्यांत स्वस्त झालं आहे. मोदीभक्त, सावरकरभक्त, आणि उलट बाजूने ‘गांधी घराण्याचे चाटू’. यातून समोरच्याचा विचार कळत नाही, बोलणाऱ्याचा राग कळतो. बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ ला घटना समितीत सांगितलं होतं की धर्मात भक्ती मुक्तीकडे नेत असेल, पण राजकारणातली भक्ती किंवा व्यक्तिपूजा अधोगतीकडे आणि शेवटी हुकूमशाहीकडे नेते. ते सगळ्याच गोटांना लागू होतं, बाबासाहेबांचं नाव घेणाऱ्यांनाही.

शेपूट इतकं ताणलं जातं की शब्द पोकळ होतो, याचा नमुना अर्जेंटिनात आहे. तिथले राष्ट्राध्यक्ष हुआन पेरॉन यांच्या आडनावावरून पेरॉनवाद निघाला. १९९० च्या दशकात कार्लोस मेनेम या पेरॉनवादी राष्ट्राध्यक्षाने सरकारी कंपन्या विकायचा सपाटा लावला. त्यानंतर काही वर्षांनी आलेले नेस्टर किर्शनर, तेही पेरॉनवादी, बरोब्बर उलट दिशेने गेले. दोघांच्या मागे तोच पक्ष, तेच आडनाव. आपल्याकडे ‘फुले-शाहू-आंबेडकरांचा महाराष्ट्र’ ही माळ आज कुठल्याही पक्षाच्या व्यासपीठावरून ऐकू येते. ती म्हणणारा जातीअंताच्या प्रश्नावर काय करतो, एवढं बघितलं की पुरे.

मराठी माणूस आपल्या नेत्याला आडनावाने हाक मारत नाही, हेही ध्यानात ठेवा. आत ‘साहेब’, ‘दादा’, ‘भाई’, ‘अण्णा’ असतं. ‘मी साहेबांचा माणूस’ म्हणणाऱ्याला ‘तू पवारवाला का रे?’ असं विचारलं की विचारणारा बाहेरचा, हे लगेच कळतं. शाखेवर, नाक्यावर, युनियनच्या ऑफिसात आडनावाचा शब्द निघाला तर समजावं की परका बोलतोय, पत्रकार बोलतोय किंवा भांडण झालंय.

या सगळ्यात बायका कुठे आहेत? मार्गारेट थॅचरच्या आडनावावरून थॅचरवाद निघाला, तोही नवऱ्याच्या आडनावावरून. माहेरची ती रॉबर्ट्स. आपल्याकडे इंदिराबाईंच्या पक्षफुटीला नाव मिळालं ते त्यांच्या पहिल्या नावावरून, कारण ‘गांधी काँग्रेस’ म्हटलं असतं तर महात्म्याची की त्यांची हे पुन्हा सांगत बसावं लागलं असतं. आणि गोरेगावात पाण्यासाठी हंडे घेऊन मोर्चे काढणाऱ्या मृणाल गोऱ्यांना ‘गोरेवादी’ अनुयायी कधी मिळाले नाहीत. लोकांनी त्यांना ‘पाणीवाली बाई’ म्हटलं. १९७७ ला त्या लोकसभेवर निवडून आल्या आणि इंदिरा गांधी हरल्या, तेव्हा मुंबईत घोषणा गाजली ती अशी: ‘पाणीवाली बाई दिल्लीत, दिल्लीवाली बाई पाण्यात’. दोघींपैकी एकीचंही आडनाव त्यात नाही, आणि कुणाबद्दल चाललंय हे शहरात कुणाला विचारावं लागलं नाही.